कोलोनची नोंदवही आणि आठवड्याची जपमाळ

जर्मनीतल्या नॉइस गावाला बर्गंडीचा ड्यूक चार्ल्स याने जवळपास वर्षभर वेढा घातला होता. १४७५च्या उन्हाळ्यात वेढा उठला आणि शेजारच्या कोलोन शहराने सुटकेचा श्वास घेतला. या सुटकेच्या कृतज्ञतेपोटी त्याच वर्षी ८ सप्टेंबरला, येशूची आई मारिया हिच्या जन्माच्या सणादिवशी, तिथल्या डॉमिनिकन मठाचे प्रमुख याकोब श्प्रेंगर यांनी रोझरीचा, म्हणजे जपमाळेचा, बंधुसंघ स्थापन केला. सभासदांची नावं लिहायला एक नोंदवही ठेवली. सम्राट तिसरा फ्रेडरिकही सभासद झाला.

सम्राटासाठी जो नियम, तोच मोलकरणीसाठी. आठवड्याभरात पन्नास-पन्नासच्या तीन माळा म्हणायच्या: १५० ‘नमो मारिया’ आणि १५ वेळा प्रभूची प्रार्थना. वर्गणी नाही. स्त्रियांना मज्जाव नाही. मृतांचंही नाव घालता येई. त्यांच्या वाट्याची प्रार्थना जिवंत आप्तांनी करायची. एखाद्या आठवड्यात जमलं नाही तर ते पाप नव्हतं, त्या आठवड्याच्या पुण्यातला वाटा तेवढा हुकायचा. जो म्हणेल त्याला सगळ्या सभासदांच्या प्रार्थनेचा लाभ मिळे.

आठवड्याभराच्या मुदतीची ही सवलत फार मोलाची होती. श्प्रेंगर यांच्या आधी ब्रिटनीचे डॉमिनिकन अॅलन द ला रोश यांनी दुए शहरात असाच संघ काढला होता, पण त्यात १५० प्रार्थना रोज म्हणाव्या लागत. दिवसभर राबणाऱ्याला हे झेपणार कसं? कोलोनने तोच आकडा ठेवला आणि मुदत सातपट केली. मठातली साधना बाजारात, शेतात, स्वयंपाकघरात पोहोचली ती या हिशेबामुळे.

आकडा मुळात आला स्तोत्रसंहितेतून. मठवासी १५० स्तोत्रं म्हणत. ज्यांना वाचता येत नसे ते तितक्याच सोप्या प्रार्थना मणी ओढत मोजत. तेराव्या शतकातल्या पॅरिसमध्ये हे मणी घडवणाऱ्यांचे वेगवेगळे कारागीर-संघ होते: हाड-शिंगाचा एक, पोवळ्या-शिंपल्यांचा दुसरा, अंबरचा तिसरा. पुढे १४१०च्या सुमारास ट्रिअरच्या मठातल्या डॉमिनिक ऑफ प्रशिया यांनी पन्नास ‘नमो मारियां’ना येशूच्या जीवनातला एकेक प्रसंग जोडला. मोजणीला चिंतनाची जोड मिळाली. जपमाळ खुद्द डॉमिनिकन संघाचे संस्थापक संत डॉमिनिक यांना मारियेकडून मिळाली, ही कथा अॅलन यांनी लोकप्रिय केली. संत डॉमिनिक यांच्या काळातल्या कागदपत्रांत मात्र तिचा आधार सापडत नाही.

आल्ब्रेख्त ड्यूररने १५०६ साली व्हेनिसमधल्या जर्मन व्यापाऱ्यांसाठी काढलेलं चित्र आज प्रागमध्ये आहे. मधोमध मारिया गुलाबांचा मुकुट, म्हणजे रोझरीचं प्रतीक, सम्राटाच्या डोक्यावर ठेवते आहे, बाळ येशू पोपच्या. संत डॉमिनिक आणि देवदूत तसेच मुकुट भोवतालच्या गर्दीला वाटत आहेत. मागे झाडापाशी हातात कागद धरून स्वतः ड्यूरर उभा आहे. कोलोनच्या वहीतली समानता इथे रंगांत उतरली आहे.

ल्योंच्या पोलीन जारिको यांनी १८२६मध्ये प्रार्थनेचा हा भार आणखी वाटून दिला. पंधरा जणांचा गट करायचा, प्रत्येकाने रोज एकच दशक, म्हणजे दहा ‘नमो मारिया’, म्हणायचं. पंधरा जणांची मिळून पूर्ण रोझरी होते. या ‘जिवंत रोझरी’त गिरणीतली कामगार बाईही सहज सामावली. मे २०२२मध्ये ल्योंत जारिको यांना धन्य घोषित करण्यात आलं.

डॉमिनिकन १५४८मध्ये गोव्यात आले. त्याच दशकात जुन्या गोव्यातल्या टेकडीवर रोझरी मातेचं चर्च उभं राहिलं. गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत सांजवेळी ‘तेर्स’ होतो, म्हणजे १५०चा तिसरा हिस्सा, पाच दशकं. वसईतली मराठी कुटुंबंही रोझरी म्हणतात; ऑक्टोबर तर रोझरीचाच महिना.

आजच्या माळेवर ५९ मणी असतात आणि वारांप्रमाणे रहस्यं, म्हणजे चिंतनाचे प्रसंग, ठरलेली आहेत. सोमवारी व शनिवारी आनंदाची, मंगळवारी व शुक्रवारी दुःखाची, बुधवारी व रविवारी गौरवाची. गुरुवारची प्रकाशाची रहस्यं पोप दुसरे जॉन पॉल यांनी २००२मध्ये सुचवली. रोझरीच्या बंधुसंघात मात्र आजही जुनीच पंधरा रहस्यं आठवड्याभरात, आपापल्या सवडीने वाटून म्हणायची असतात, आणि एखादा आठवडा चुकला तर आजही ते पाप ठरत नाही.