फॉरमॅट मारला, तरी गेम डिस्कवरच असतो

विंडोज नवी टाकली की गेम उडतो, हा समज पोरांच्या डोक्यात पक्का बसलेला आहे. मशीन दुकानातून फॉरमॅट होऊन येतं, डेस्कटॉप कोरा असतो, गेमचा आयकॉन कुठेच दिसत नाही. मग स्टीम किंवा एपिकचं लाँचर पुन्हा टाकायचं, ‘इन्स्टॉल’ दाबायचं आणि ९० जीबी पहिल्यापासून उतरवायला बसायचं. बऱ्याचदा ते ९० जीबी त्याच मशीनच्या डी ड्राइव्हवर जसेच्या तसे पडलेले असतात. दुकानदाराने पुसलेला असतो तो फक्त सी ड्राइव्ह.

संभाजीनगरच्या जालना रस्त्यावर एका हाताला एमआयडीसी आणि दुसऱ्या हाताला विमानतळ घेऊन वसलेल्या चिकलठाण्यात हा प्रश्न अगदी रोजचा आहे. इथल्या भाड्याच्या खोल्यांमध्ये दिसणारा पीसी बहुधा असेंबल केलेला असतो. विंडोजसाठी २४० जीबीची लहानशी एसएसडी, आणि जोडीला आधीच्या मशीनमधून काढून बसवलेली १ टीबीची हार्डडिस्क. एसएसडी भरत आली की सी ड्राइव्हची पट्टी लाल होते आणि गेम दुसरीकडे हलवावा लागतो. पुन्हा डाउनलोड करायचं म्हटलं तर हिशेब असा: ४० एमबीपीएसचं ब्रॉडबँड सेकंदाला जास्तीत जास्त ५ एमबी आणतं. म्हणजे ९० जीबीला पाच तास, तेही लाइन एकदाही न तुटता. ज्याच्याकडे फक्त मोबाइलचा रोजचा २ जीबी डेटा आहे, त्याला दीड महिना. तेच ९० जीबी एका डिस्कवरून दुसऱ्या डिस्कवर कॉपी करायला साध्या हार्डडिस्कला पंधरा मिनिटांच्या आसपास लागतात.

हे पाच तास आणि तो दीड महिना वाचवायचा तर इन्स्टॉल झालेला गेम म्हणजे नेमकं काय, ते आधी नीट कळायला हवं. त्याचे तीन भाग असतात. पहिला भाग म्हणजे खुद्द माल: चित्रं, आवाज, नकाशे, प्रोग्रॅम. दुसरा म्हणजे लाँचरने स्वतःसाठी ठेवलेली नोंद: कोणता गेम, कोणत्या फोल्डरमध्ये, कोणती आवृत्ती, पूर्ण उतरला की अर्धवट. तिसरा भाग खेळणाऱ्याचा स्वतःचा, म्हणजे सेव्ह केलेला खेळ आणि सेटिंग्ज. हे तिन्ही एकाच ठिकाणी असतीलच असं नाही, आणि घोळ होतो तो इथेच. माल शाबूत असतो, नोंद हरवते, आणि लाँचर गेम नसल्याचं सांगून मोकळं होतं.

स्टीमचं उदाहरण घेऊ. नेहमीच्या इन्स्टॉलमध्ये सी ड्राइव्हच्या प्रोग्रॅम फाइल्समध्ये ‘स्टीम’ हे फोल्डर असतं, त्यात ‘स्टीमअ‍ॅप्स’ आणि त्यात ‘कॉमन’. सगळा माल या ‘कॉमन’मध्ये. पाठ करायची गरज नाही. लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज, मग इन्स्टॉल्ड फाइल्स आणि ब्राउज दाबलं की थेट ते फोल्डर उघडतं. नोंदी मात्र एक पायरी वर, ‘स्टीमअ‍ॅप्स’मध्येच असतात. तिथे ‘अ‍ॅपमॅनिफेस्ट’ या नावाने सुरू होणाऱ्या छोट्या फाइल्स दिसतील, दर गेममागे एक. काउंटर-स्ट्राइक २ च्या फाइलच्या नावात ७३० हा आकडा असतो, डोटा २ च्या नावात ५७०. तो त्या गेमचा स्टीमवरचा कायमचा क्रमांक.

ही फाइल नोटपॅडमध्ये उघडून बघाच. आत साधा मजकूर असतो: गेमचा क्रमांक, नाव, डिस्कवर व्यापलेली जागा, आणि ‘स्टेटफ्लॅग्ज’ नावाची एक ओळ. तिथे ४ हा आकडा असेल तर गेम पूर्ण इन्स्टॉल झालेला आहे, असं स्टीम मानतं. ‘इन्स्टॉलडिर’ या ओळीत फोल्डरचं नाव असतं. आता काउंटर-स्ट्राइक २ ची गंमत पाहा. २०२३ मध्ये गेमचं नाव बदललं, पण फोल्डर आजही ‘काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह’ या जुन्याच नावाचं आहे. नव्या नावाने सर्च मारणाऱ्याला ते सापडत नाही आणि गेम डिलीट झाला अशी त्याची खात्री पटते. काही किलोबाइटची ही फाइल स्टीमला जे सांगते, त्यावर डझनावारी जीबींचं भवितव्य ठरतं.

आता हलवण्याचं शास्त्र. एकाच ड्राइव्हमध्ये ९० जीबीचं फोल्डर इकडून तिकडे ‘कट-पेस्ट’ केलं तर पापणी लवायच्या आत काम होतं. दुसऱ्या ड्राइव्हवर टाकलं की हिरवी पट्टी रेंगाळत बसते. कारण विंडोजच्या एनटीएफएस या फाइल व्यवस्थेत प्रत्येक ड्राइव्हवर ‘मास्टर फाइल टेबल’ नावाची एक वही असते. प्रत्येक फाइल आणि फोल्डरसाठी तिच्यात साधारण १ केबीची नोंद असते: नाव काय, कोणत्या फोल्डरखाली, आणि डिस्कवरच्या कोणत्या जागांवर ती पसरली आहे. त्याच ड्राइव्हमध्ये हलवताना ‘कोणत्या फोल्डरखाली’ एवढंच बदलतं. मालाला कुणी हातही लावत नाही. दुसऱ्या ड्राइव्हची वही मात्र वेगळी, जागाही वेगळी. तिथे एकेक बाइट वाचून नव्याने लिहावा लागतो आणि मगच जुना पुसला जातो.

मराठवाड्याच्या जुन्या माणसांना हे मनमाडवरून चटकन समजेल. मनमाडहून संभाजीनगर, जालना, परभणी, नांदेडकडे जाणारा निजामाच्या काळातला लोहमार्ग मीटर गेज होता, आणि मुंबईकडचा ब्रॉड गेज. चिकलठाणा स्टेशन याच मार्गावरचं. मीटर गेजच्या पट्ट्यात भरलेला डबा कुठेही शंट करता येई; मनमाडला मात्र सगळा माल उतरवून दुसऱ्या डब्यात भरावा लागे. १९९० च्या दशकात गेज बदललं तेव्हा ही हमाली संपली. दोन ड्राइव्हमधली हमाली मात्र चुकत नाही. एकाच हार्डडिस्कचे सी आणि डी असे दोन भाग पाडलेले असतील तर ती उलट वाढते. वाचणारं आणि लिहिणारं हेड एकच असतं, ते सतत एका भागातून दुसऱ्या भागात धावतं, आणि प्रत्येक उडीला काही मिलिसेकंद जातात. हजारो लहान फाइल्सचा गेम असला की वेग पार कोसळतो.

म्हणून दोन ड्राइव्हमध्ये गेम हलवताना कट करू नये, कॉपी करावी. वळवाच्या पावसात मध्येच लाइट गेली तर अर्धा माल इकडे आणि अर्धा तिकडे अशी गत होते. कॉपी पूर्ण झाली, तपासली, गेम चालू झाला, की मग जुनं फोल्डर काढावं. स्टीममध्ये तर ही दगदगही नको. इन्स्टॉल्ड फाइल्सच्या त्याच पानावर ‘मूव्ह इन्स्टॉल फोल्डर’ हे बटण आहे. ते माल आणि नोंद दोन्ही सोबत हलवतं.

कॉपी बरोबर झाली हे लाँचर कसं ओळखतं? या विषयातला मला सर्वांत सुंदर वाटणारा भाग हाच. स्टीम प्रत्येक फाइलचे साधारण १ एमबीचे तुकडे पाडतं आणि एसएचए-१ या गणिती पद्धतीने प्रत्येक तुकड्याचा हॅश काढतं. तुकडा १ एमबीचा असो की १ केबीचा, हॅश नेहमी १६० बिटांचाच. तुकड्यातला एक बिट जरी बदलला, तरी हॅशचे सुमारे निम्मे बिट उलटे होतात. १६० बिटांच्या शक्यता भरतात १ वर ४८ शून्यं इतक्या, त्यामुळे दोन वेगळ्या तुकड्यांचा हॅश योगायोगाने सारखा येण्याची भीती व्यवहारात बाळगायचं कारण नाही. २०१७ मध्ये गूगल आणि अ‍ॅमस्टरडॅमच्या सीडब्ल्यूआय संस्थेच्या संशोधकांनी सारखा हॅश येणाऱ्या दोन वेगळ्या फाइल्स मुद्दाम घडवून दाखवल्या, म्हणून सह्या आणि प्रमाणपत्रांसाठी एसएचए-१ आता भरवशाची मानत नाहीत. पण कॉपी करताना डिस्कने केलेली चूक काही मुद्दाम घडवलेली नसते.

‘व्हेरिफाय इंटिग्रिटी’ दाबल्यावर लाँचर आपल्या डिस्कवरचा माल वाचतं, सर्व्हरकडच्या यादीशी पडताळतं आणि जिथे जुळत नाही तेवढाच भाग मागवतं. मोठ्या गेममध्ये खराब निघालेले चार तुकडे म्हणजे चार-पाच एमबी. गेमचं अपडेटही याच तत्त्वावर येतं. इंटरनेटचं काम इथे प्रोसेसर आणि डिस्क आपल्या अंगावर घेतात. ज्यांच्या घरी डेटा मोजून येतो त्यांच्यासाठी या गणिताचे उपकार मोठे आहेत.

डी ड्राइव्हवरचा गेम परत मिळवायचा मार्ग यातूनच निघतो. नवं स्टीम टाकल्यावर सेटिंग्जमध्ये स्टोरेज उघडायचं, डी ड्राइव्ह जोडायचा आणि जुनं लायब्ररी फोल्डर दाखवायचं. अ‍ॅपमॅनिफेस्टच्या फाइल्स मालाच्या शेजारीच असल्यामुळे फॉरमॅटमधूनही वाचलेल्या असतात, आणि गेम आपोआप यादीत उगवतात. नोंद गेली असेल तर त्याच ड्राइव्हवर इन्स्टॉल सुरू करायचं. स्टीम आधी तिथल्या फाइल्स तपासतं आणि उरलंसुरलं तेवढंच उतरवतं. फॉरमॅटनंतर कधी डी ड्राइव्हचं अक्षर बदलून ई होतं. तेव्हा डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन जुनं अक्षर परत द्यावं.

एपिकने नोंद वेगळीकडे ठेवली आहे. तिची ‘मॅनिफेस्ट्स’ सी ड्राइव्हच्या ‘प्रोग्रॅमडेटा’ या लपवलेल्या फोल्डरमध्ये असतात, त्यामुळे सी पुसला की ती जाते आणि डीवरचा गेम लाँचरला दिसत नाही. उपाय असा: जुन्या फोल्डरचं नाव बदलून ठेवायचं. मूळ जागी नव्याने इन्स्टॉल सुरू करायचं आणि दोन-तीन टक्के झाल्यावर थांबवायचं. लाँचर बंद करून जुना माल नव्या फोल्डरात टाकायचा, ‘रिप्लेस’ला हो म्हणायचं, आणि डाउनलोड पुन्हा चालू करायचं. आता नोंद तयार झालेली असते, लाँचर माल तपासत जातं आणि टक्के भराभर चढतात. नाव बदलण्याची पायरी मात्र गाळू नका, नाहीतर जुन्या मालावरच नवा लिहिला जाण्याचा धोका असतो.

मित्राच्या मशीनवरून गेम आणायलाही हीच रीत. सिडकोतून १ टीबीची डिस्क खिशात घालून स्कूटरवरून वीस मिनिटांत चिकलठाण्याला पोहोचलं, तर ९० जीबीचा वेग पडतो ६०० एमबीपीएस. घरच्या ब्रॉडबँडच्या पंधरा पट. दोन्हीकडची कॉपी धरली तरी तासाभरात काम आटोपतं. काउंटर-स्ट्राइक किंवा डोटासारख्या फुकट गेमला यात काहीच अडचण नाही. विकतचा गेम मात्र स्वतःच्या खात्यावर घेतलेला हवा, कारण मालकी खात्यावर असते, फाइल्समध्ये नसते.

डिस्क उचलून नेणं मागासलेपणाचं वाटत असेल, तर कृष्णविवराचं पहिलं छायाचित्र आठवावं. इव्हेंट होरायझन टेलिस्कोपच्या दुर्बिणींनी एप्रिल २०१७ मध्ये टिपलेली माहिती काही पेटाबाइट भरली. ती इंटरनेटवरून पाठवणं परवडणारंच नव्हतं, म्हणून हार्डडिस्क विमानाने अमेरिका आणि जर्मनीतल्या केंद्रांवर नेल्या. दक्षिण ध्रुवावरच्या डिस्क तर तिथला हिवाळा संपून विमानं सुरू होईपर्यंत अडकून पडल्या होत्या. छायाचित्र जगासमोर आलं १० एप्रिल २०१९ रोजी.

पेनड्राइव्हने आणायचं तर एक अडथळा येतो. जागा भरपूर असूनही ‘फाइल फार मोठी आहे’ असा संदेश येतो. जुने पेनड्राइव्ह एफएटी३२ पद्धतीचे असतात आणि तिथे फाइलचा आकार ३२ बिटांत लिहिला जातो. ३२ बिटांत बसणारा सर्वांत मोठा आकडा ४,२९,४९,६७,२९५, म्हणजे ४ जीबीला एक बाइट कमी. आजचे गेम आपला माल दहा-दहा जीबीच्या गठ्ठ्यांत बांधतात, ते तिथे मावत नाहीत. पेनड्राइव्ह एक्सफॅट किंवा एनटीएफएस पद्धतीने फॉरमॅट केला की प्रश्न मिटतो.

राहिला तिसरा भाग, खेळणाऱ्याचा स्वतःचा, आणि मला काळजी वाटते ती याचीच. माल जगातल्या कुठल्याही सर्व्हरवरून परत आणता येतो. सहा महिने रात्री जागून गाठलेली पातळी तुमच्या डिस्कखेरीज कुठेच नसण्याची शक्यता असते. काही गेम सेव्ह क्लाउडवर पाठवतात, सगळे नाही. आणि सेव्ह बहुधा गेमच्या फोल्डरात नसून सी ड्राइव्हवर, तुमच्या विंडोजच्या नावाखाली असतो: डॉक्युमेंट्समध्ये ‘माय गेम्स’, कधी ‘सेव्ह्ड गेम्स’, कधी लपवलेल्या ‘अ‍ॅपडेटा’त. अनरिअल इंजिनवर बनलेले बरेच गेम ‘अ‍ॅपडेटा’मधल्या ‘लोकल’मध्ये सेव्ह ठेवतात, पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा २०२० मधला ‘राजी’ याच इंजिनवर उभा आहे. म्हणजे दुकानात ‘फक्त सी फॉरमॅट मारा, डीला हात लावू नका’ असं बजावून सांगणारा पोरगा गेम वाचवतो आणि सेव्ह घालवून बसतो. मशीन देण्याआधी फाइल एक्सप्लोररच्या ‘व्ह्यू’मध्ये लपवलेल्या फाइल्स दाखवण्याचा पर्याय चालू करावा, सी ड्राइव्हच्या ‘यूजर्स’मधलं आपल्या नावाचं फोल्डर उघडावं, आणि त्यातली ही तिन्ही ठिकाणं डीवर कॉपी करून घ्यावीत. नवी विंडोज आल्यावर ती जागच्या जागी परत ठेवली की खेळ सोडला होता तिथूनच सुरू होतो.