बचावफळीतला न्यायमूर्ती

ओहायो राज्यातलं कँटन हे पोलाद कारखान्यांचं शहर. अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग 1920 मध्ये इथेच स्थापन झाली, म्हणून या खेळाचं कीर्तिमंदिर, 'हॉल ऑफ फेम', 1963 मध्ये इथेच उभं राहिलं. त्याच्या बांधकामावर राबणाऱ्यांत शहरातला एक शाळकरी कृष्णवर्णीय मुलगाही होता. पंचवीस वर्षांनी, 1988 मध्ये, त्याच वास्तूत त्याचा अर्धपुतळा बसला. ॲलन पेज यांची ओळख बहुतेकदा या योगायोगापासून करून दिली जाते. मला मात्र त्या समारंभातली दुसरी गोष्ट मोठी वाटते. अशा वेळी खेळाडूची ओळख करून द्यायला सहसा त्याचा जुना प्रशिक्षक किंवा सहकारी उभा राहतो. पेज यांनी मिनियापोलिसमधल्या एका शाळेच्या मुख्याध्यापिकेला, विलरीन बीझली यांना, बोलावलं. स्वतःच्या भाषणातही ते खेळाबद्दल फारसं बोलले नाहीत. बोलले ते शिक्षणाबद्दल.

या निवडीमागे त्यांच्या संघाच्या बैठकीतला एक प्रसंग होता. संघाचे डावपेच लिहिलेली जाडजूड वही प्रत्येक खेळाडूकडे असते. एकदा प्रशिक्षकांनी खेळाडूंना त्या वहीतला मजकूर मोठ्याने वाचायला सांगितला, तेव्हा काहींना तो वाचताच येईना. ही सगळी महाविद्यालयांतून आलेली माणसं होती. शाळेने त्यांना पुढे ढकललं, विद्यापीठांनी त्यांच्या जिवावर सामने जिंकले, आणि अक्षर ओळखायला शिकवायचं मात्र सगळ्यांकडूनच राहून गेलं. पेज हे विसरले नाहीत.

त्यांचा जन्म 7 ऑगस्ट 1945चा. शाळांमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा ब्राउन खटल्याचा निकाल 1954 मध्ये लागला, तेव्हा ते जेमतेम आठ-नऊ वर्षांचे होते. कायद्याने माणसांचं आयुष्य बदलू शकतं हे तेव्हाच मनात बसलं, असं ते पुढे सांगत. त्यात टीव्हीवरच्या पेरी मेसन या वकिलाची भुरळ. तेरा वर्षांचे असताना आई गेली. फुटबॉल आयुष्यात तसा उशिराच आला, पण त्याच्याच बळावर ते नोत्र दाम विद्यापीठात पोचले. तिथल्या संघाने 1966 मध्ये राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवलं. पुढच्या वर्षी राज्यशास्त्राची पदवी हाती आली आणि मिनेसोटा व्हायकिंग्ज संघाने त्यांची निवड केली.

या खेळात चढाई करणाऱ्या संघाला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकावं लागतं. बचाव करणाऱ्या संघाच्या पहिल्या फळीत, अगदी मधोमध, पेज उभे राहत. ती जागा धिप्पाड, जड माणसांची. पेज त्यांच्या मानाने सडपातळ, पण कमालीचे चपळ. चेंडू हलताक्षणी ते समोरच्याला चकवून आत घुसलेले असत. कार्ल एलर, जिम मार्शल, गॅरी लार्सन आणि पेज या चौकडीला जांभळ्या पोशाखावरून 'पर्पल पीपल ईटर्स' म्हणत. 1971 मध्ये असोसिएटेड प्रेसने पेज यांना लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरवलं. तोवर हा मान कुठल्याच बचावपटूला मिळाला नव्हता, आणि त्यानंतरही तो एकाच बचावपटूला मिळाला, 1986 मध्ये लॉरेन्स टेलर यांना. व्हायकिंग्ज चार वेळा सुपर बोल या अंतिम सामन्यापर्यंत पोचले आणि चारही वेळा हरले. पेज मात्र पंधरा हंगामांत एकाही सामन्याला गैरहजर राहिले नाहीत: सलग 218 सामने.

हे सगळं चालू असताना ते खेळाडूंच्या संघटनेचं कामही करत होते. करार संपलेला खेळाडू दुसऱ्या क्लबकडे गेला, तर नव्या क्लबने जुन्याला भरपाई द्यायची आणि ती किती ते लीगच्या आयुक्तांनी ठरवायचं, असा 'रोझेल नियम' तेव्हा होता. भरपाईच्या धास्तीने कुणी दुसऱ्याच्या खेळाडूला हात लावत नसे. म्हणजे करार संपूनही माणूस बांधलेलाच. 1974च्या उन्हाळ्यात खेळाडूंनी संप केला. जॉन मॅकी यांच्या नावाने जो खटला उभा राहिला त्यातल्या वादींत पेज होते. 1976 मध्ये अपील न्यायालयानेही तो नियम स्पर्धाविरोधी ठरवला. संघ आपल्याला काय देतो यापेक्षा संघाला आपल्यावर किती हक्क आहे हा प्रश्न पेज यांना महत्त्वाचा वाटत होता. त्यांची पुढची वाटचाल मला याच प्रश्नातून निघालेली दिसते.

खेळता खेळताच ते मिनेसोटा विद्यापीठात कायदा शिकले आणि 1978 मध्ये पदवीधर झाले. पूर्वी एका विधी महाविद्यालयात नाव घालून त्यांनी काही दिवसांतच ते सोडलं होतं. या वेळी तडीला नेलं. त्याच सुमारास पत्नी डायन यांनी सिगारेट सोडण्यासाठी धावायला सुरुवात केली आणि पेजही सोबत धावू लागले. वजन उतरलं. या वजनावर ते आता कामाचे नाहीत, असं म्हणत क्लबने 1978च्या भर हंगामात त्यांना मोकळं केलं. शिकागो बेअर्सने लगेच उचललं. तिथले मुख्य प्रशिक्षक नील आर्मस्ट्राँग त्यांना व्हायकिंग्जमधल्या दिवसांपासून ओळखत होते. 'कामाचा न उरलेला' हा खेळाडू 1981 पर्यंत खेळला. 1979 मध्ये त्यांनी मॅरेथॉनही पूर्ण केली. लीगमध्ये खेळत असताना ती पूर्ण करणारे ते पहिलेच.

पुढे वकिली, मग राज्याच्या ॲटर्नी जनरलच्या कार्यालयात नोकरी. मिनेसोटात सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीशही मतदारांसमोर जातात. 1992 मध्ये गव्हर्नर आर्नी कार्लसन यांनी एका न्यायमूर्तींची मुदत वाढवली आणि त्या जागेची निवडणूकच रद्द झाली. पेज यांना ती लढवायची होती. त्यांनी दावा ठोकला. न्यायमूर्तींच्याच सहकाऱ्याचा मामला, म्हणून सर्वोच्च न्यायालयाचे सदस्य बाजूला झाले. त्यांच्या जागी बसलेल्या न्यायाधीशांनी निवडणूक घ्यायला लावली. पेज ती जिंकले आणि मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयातले पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती झाले. 1998, 2004, 2010 अशा तीनदा पुन्हा निवडून आले. 2009 मध्ये नॉर्म कोलमन आणि ॲल फ्रँकन यांच्यातल्या सिनेट जागेचा अटीतटीचा वाद कोर्टात आला. मुख्य न्यायमूर्ती मतमोजणीच्या मंडळावर असल्याने सुनावणीपासून दूर राहिले, तेव्हा पीठाचं अध्यक्षपद पेज यांच्याकडे होतं. निकाल एकमताने लागला. 2015 मध्ये सत्तरीच्या सक्तीच्या नियमानुसार ते निवृत्त झाले.

1988 मध्येच पती-पत्नींनी पेज एज्युकेशन फाउंडेशन सुरू केलं होतं. कृष्णवर्णीय आणि इतर अल्पसंख्य समाजांतल्या विद्यार्थ्यांना त्यातून शिष्यवृत्ती मिळते. अट एकच: त्यांनी लहान मुलांना शिकवण्यासाठी वेळ द्यायचा. मला ही अट पैशाहून मोलाची वाटते, कारण तिच्यामुळे पहिली-दुसरीतल्या पोरासमोर त्याच्याच समाजातला कॉलेजचा विद्यार्थी पुस्तक घेऊन बसतो. फुटबॉलने पेज यांच्या डाव्या हाताची करंगळी कायमची काटकोनात वाकवली. त्या करंगळीवरही त्यांनी मुलीसोबत 2013 मध्ये मुलांसाठी चित्रपुस्तक काढलं.

डायन 2018 मध्ये गेल्या. त्याच वर्षी पेज यांना 'प्रेसिडेन्शियल मेडल ऑफ फ्रीडम' हा सर्वोच्च नागरी सन्मान मिळाला. त्याआधी मिनियापोलिसमधल्या एका शाळेचं नाव बदलून त्यांचं नाव दिलं गेलं होतं. मूळ नाव होतं सू आदिवासींच्या समूळ उच्चाटनाची भाषा करणारे गव्हर्नर अलेक्झांडर रॅमसी यांचं, आणि ते बदलण्यासाठी विद्यार्थीच पुढे आले होते.

2020 मध्ये, पंचाहत्तरीच्या उंबरठ्यावर, पेज यांनी नवी लढाई हाती घेतली. सोबतीला होते मिनियापोलिसच्या फेडरल रिझर्व्ह बँकेचे अध्यक्ष, काश्मिरी वंशाचे नील काशकरी. मिनेसोटाची राज्यघटना 1857ची. ती सर्वत्र सारखी अशी शाळांची व्यवस्था उभारायला सांगते. त्या शाळेत मूल काय शिकतं याबद्दल गप्प आहे. दर्जेदार सार्वजनिक शिक्षण हा प्रत्येक मुलाचा मूलभूत हक्क आहे असं घटनेत लिहावं, ही त्यांची मागणी. त्यासाठी आधी विधिमंडळाची संमती लागते, मग मतदारांचा कौल. आणि मिनेसोटाच्या नियमानुसार, मतपत्रिकेवर त्या प्रश्नापुढची जागा कोरी सोडली तर ते मत 'नाही' असंच धरलं जातं.