एका दगडावर दहा आकडे

एक कोडं घालू? आपल्याकडे एकच दगड आहे. त्यावर शून्य काढायचं आणि कागदावर छापायचं. मग ते शून्य नीट न पुसताच त्याच दगडावर एक काढायचा, तोही छापायचा. मग दोन, मग तीन... असं करत नवापर्यंत जायचं. तर मग नवाच्या चित्रात काय काय दिसेल?

जॅस्पर जॉन्स नावाच्या अमेरिकी चित्रकाराने हा उद्योग खरोखरच केला. १९६० मध्ये सुरुवात केली आणि १९६३ मध्ये संपवला. चित्रात वरच्या भागात शून्य ते नऊ हे आकडे दोन ओळींत बसलेले आहेत, आणि खाली एकच भलामोठा आकडा. दहाही चित्रं शेजारी शेजारी मांडा आणि डोळे बारीक करून बघा. मोठ्या आकड्याच्या मागे आधीच्या आकड्यांच्या खुणा रेंगाळताना दिसतात. कुठे अर्धवट खरवडलेली रेघ, कुठे राहून गेलेला डाग. शेवटी शेवटी तर दगडाची अवस्था वर्षभर वापरलेल्या फळ्यासारखी झालेली!

असल्या खुणा शोधणं हेच ज्यांचं काम होतं अशा एका बाईंची आता ओळख करून देते. त्यांचं नाव रिव्हा कॅसलमन. न्यूयॉर्कला आधुनिक कलेचं एक मोठं संग्रहालय आहे, त्याला सगळे लाडाने ‘मोमा’ म्हणतात. १९६३ मध्ये त्या तिथे नोकरीला लागल्या, आणि पुढे मुद्राचित्रांच्या, म्हणजे ठशावरून छापलेल्या चित्रांच्या, सगळ्या विभागाच्या प्रमुख झाल्या. विसाव्या शतकातल्या मुद्राचित्रांचा इतिहास त्यांनी १९७६ मध्ये पुस्तकात मांडला. जॉन्सच्या मुद्राचित्रांवर १९८६ मध्ये एक अख्खं पुस्तक केलं. चित्रकारांनी बनवलेल्या पुस्तकांवरही त्यांचं पुस्तक आहे, म्हणजे पुस्तकांचं पुस्तक!

कुणी म्हणेल, छापलेल्या चित्रांवर एवढं काय लिहायचं? छापील म्हणजे नक्कलच की! मला विचाराल तर ही समजूत साफ चुकीची. जॉन्सने आधी रंगवलेलं चित्र कुणी छापून दिलं असतं, तर ती नक्कल. इथे आधीचं चित्र असं नव्हतंच. तो थेट दगडावरच काढत होता, आणि त्यातून उमटलेला प्रत्येक कागद अस्सल.

पण दगडावरून कागद छापतात कसा? दगड कोरतात, असं तुम्हाला वाटलं असेल. नाही! दगड शेवटपर्यंत सपाटच राहतो. खरी गंमत रसायनशास्त्राची आहे.

हा दगड म्हणजे चुनखडी. सगळ्यात नावाजलेला दगड जर्मनीत बव्हेरिया प्रांतातल्या झोल्नहोफेनच्या खाणींतला, कारण त्याचे कण फार बारीक. इतके बारीक, की सुमारे १५ कोटी वर्षांपूर्वीच्या आर्किऑप्टेरिक्स या पंखवाल्या प्राण्याच्या पिसांचे ठसेसुद्धा त्यात टिकून राहिले आणि १८६१ मध्ये माणसांना सापडले. मोठा दगड सहज शंभर किलोंच्या वर भरतो.

तर त्या दगडावर चित्रकार तेलकट खडूने चित्र काढतो. खडूत मेण, साबण आणि काजळी असते. मग डिंकाच्या पाण्यात अगदी थोडं आम्ल मिसळून ते वरून लावतात. हा डिंक बाभळीच्या जातीच्या झाडांचाच असतो. चित्राची तेलकट जागा दगडाला घट्ट धरून बसते आणि कोऱ्या जागेवर डिंकाचा पातळ थर चिकटतो. हा थर पाणी धरून ठेवतो. आता ओल्या स्पंजाने दगड पुसला, की पाणी फक्त कोऱ्या जागेवर थांबतं. वरून तेलकट शाईचा रूळ फिरवला, की शाई पाण्याला टाळते आणि चित्राच्या रेघांवरच बसते. कागद ठेवा, यंत्राखाली दाबा, झालं! पुढच्या कागदाला पुन्हा पाणी, पुन्हा शाई.

ही युक्ती १७९८ च्या सुमाराला आलोइस झेनेफेल्डर या जर्मन नाटककाराने शोधली. स्वतःची नाटकं छापायला त्याच्याकडे पैसे नव्हते, म्हणून तो स्वस्तातली छपाई शोधत होता. आपल्याकडे याला शिळाछाप म्हणत. राजा रविवर्म्याच्या लक्ष्मी आणि सरस्वती घरोघरी पोहोचल्या त्या याच छपाईने. त्याचा छापखाना १८९४ मध्ये मुंबईत निघाला आणि पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. एका चित्राच्या प्रत्येक रंगासाठी तिथे वेगळा दगड लागे.

आता जॉन्सची अडचण लक्षात येतेय का? शून्याच्या सगळ्या प्रती काढून झाल्याशिवाय त्याला एकाला हात लावता येत नव्हता. काळ्या शाईत दहा, करड्या शाईत दहा आणि रंगीत दहा. एकदा शून्य खरवडलं की गेलं! ‘अरे, एक प्रत राहिलीच’ असं म्हणायची सोय नाही. शिवाय छापताना सगळं उलटं उमटतं, म्हणून दगडावर आकडे आरशातल्यासारखे काढावे लागतात. इंग्रजीतलं शून्य आणि आठ त्यातल्या त्यात सोपे. आपल्या देवनागरी अंकांतले कोणते उलटे केले तरी तसेच दिसतील? आरसा घ्या आणि बघा. मला दोन सापडलेत.

जॉन्सला हे दगड पुरवले तात्याना ग्रोसमन या बाईंनी. त्या जन्मल्या रशियात. दुसऱ्या महायुद्धात नवऱ्याबरोबर युरोपातून निसटून त्या अमेरिकेत आल्या. न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर त्यांचं छोटं घर होतं. छापखाना काढायचं मनात आलं, तेव्हा त्यांच्या लक्षात आलं की अंगणातल्या पायवाटेत बसवलेल्या फरश्यांपैकी दोन चक्क छपाईचे दगड आहेत! १९५७ मध्ये छापखाना सुरू झाला. त्या चित्रकारांना गळ घालून बोलावत, जेवू घालत आणि दगडावर काढायला लावत.

रॉबर्ट रौशेनबर्ग हा त्यांतलाच एक. १९६३ मध्ये त्याचं चित्र छापताना यंत्राखाली दगड तडकला. दुसरा घेतला, तोही तडकला! दुसरा कुणी कपाळावर हात मारून घरी गेला असता. याने तुटलेल्या दगडावरूनच छपाई केली. चित्राच्या मधोमध तिरकी पांढरी भेग आणि खाली तुटून पडलेल्या कपच्या, असं ते चित्र आहे. नाव काय ठेवलं? ‘अॅक्सिडेंट’! त्याच वर्षी ल्युब्लियाना शहरात जगभरातल्या मुद्राचित्रांचं मोठं प्रदर्शन होतं, तिथलं पहिलं बक्षीस या भेगेने पटकावलं.

अशा चित्रांच्या खाली पेन्सिलीने ३/१० असं काहीतरी लिहिलेलं असतं. ते गणित नव्हे. एकूण दहा प्रतींतली ही तिसरी, एवढाच त्याचा अर्थ. ठरलेल्या प्रती निघाल्या की दगड घासून कोरा करतात, म्हणजे चोरून अकरावी काढायला नको.

आणि एवढं सगळं करून छापलेली चित्रं संग्रहालयात बहुतेक वेळ अंधाऱ्या पेट्यांत असतात! भिंतीवर काही महिनेच लावायची, तीही मंद दिव्यात, कारण उजेडाने कागद पिवळा पडतो आणि रंग उडतात. पटत नसेल तर वर्तमानपत्राचं एक पान अर्धं वहीखाली झाकून आठवडाभर उन्हात ठेवा आणि मग वही उचला.

पेटीतलं चित्र बघायचं असेल तर मोमात आधी वेळ ठरवून जाता येतं. स्वच्छ हात धुऊन टेबलापाशी बसायचं, आणि टिपणं काढायला फक्त पेन्सिल न्यायची. पेन बघितलं तर तिथली माणसं घाबरतात.