राजीखुशीने दिलेलं, तरी चोरलेलं?

सप्टेंबर १९६९. लंडनच्या व्हिक्टोरिया स्टेशनवर उतरलेल्या एका इटालियन विद्यार्थ्याला इंग्रजी जेमतेम येत होतं. त्याने टॅक्सीवाल्याला पत्त्याची चिठ्ठी दाखवली. लांबचं आहे, महाग पडेल, असं टॅक्सीवाल्याने सांगितलं. पोराने एक पौंड काढून दिला. तेवढ्याने भागणार नाही म्हणत टॅक्सीवाल्याने त्याच्या उघड्या पाकिटातून आणखी सहा पौंड काढले. खरं भाडं होतं सुमारे साडेदहा शिलिंग, म्हणजे अर्ध्या पौंडाहून जरासं जास्त.

पोराची हरकत नव्हती, मग चोरी कसली, असा बचाव झाला. हाउस ऑफ लॉर्ड्सने १९७१ साली तो फेटाळला.

वर्गात हा ‘लॉरेन्स’ खटला सांगितला की माझे विद्यार्थी अडतात, कारण आपलं कलम त्यांना पाठ असतं. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०३ प्रमाणे वस्तू ताबेदाराच्या संमतीविना घ्यायची असावी लागते आणि त्यासाठी ती जागची हलवावी लागते. इंग्लंडचा १९१६चा कायदाही उचलून नेण्यावरच बेतलेला होता. १९६८च्या थेफ्ट अ‍ॅक्टने ती चौकट मोडली. आता लागतं ते ‘अ‍ॅप्रोप्रिएशन’, म्हणजे दुसऱ्याच्या वस्तूवर मालकाचा हक्क गाजवणं. जोडीला अप्रामाणिकपणा आणि वस्तू कायमची लुबाडण्याचा इरादा हवा. सरळ मार्गाने हाती आलेली वस्तू पुढे आपलीच समजून दडपली किंवा विकली, तरी ते अ‍ॅप्रोप्रिएशनच.

हक्क तरी किती गाजवायचा? ‘मॉरिस’ खटल्यात सुपरमार्केटमधल्या मालावरच्या किमतीच्या चिठ्ठ्या बदलल्या होत्या. किमतीची चिठ्ठी लावणं हा दुकानदाराचा हक्क. मालकाच्या अनेक हक्कांपैकी एवढा एक बळकावला तरी पुरे, असं १९८३ साली ठरलं. मात्र मालकाच्या संमतीने केलेली कृती यात बसत नाही, असंही त्या निकालात होतं. म्हणजे लॉरेन्सशी विसंगतीच. ती १९९२ साली ‘गोमेझ’ खटल्यात मिटली. विजेच्या वस्तूंच्या दुकानातल्या असिस्टंट मॅनेजरने चोरीचे चेक रोख पैशासारखेच आहेत असं मॅनेजरला पटवून सतरा हजार पौंडांहून अधिक किमतीचा माल बाहेर काढला. मॅनेजरने मंजुरी दिली होती, तरी ती चोरीच ठरली. संमती गौण झाली. या हिशेबाने शेल्फवरचा डबा ट्रॉलीत टाकणारं प्रामाणिक गिऱ्हाईकही अ‍ॅप्रोप्रिएशन करतं. त्याला वाचवते ती फक्त त्याची नियत.

‘हिंक्स’ खटल्यात या तर्काचा कडेलोट झाला. बेताच्या बुद्धीच्या एका माणसाने रोज साधारण तीनशे असे मिळून साठ हजारांच्या आसपास पौंड एका बाईच्या खात्यात भरले. दान कायदेशीर असलं तरी ते घेणं चोरी ठरू शकतं, असा निकाल २००० साली तीन विरुद्ध दोन मतांनी लागला.

माझं मत त्या दोन विरोधी न्यायाधीशांच्या बाजूने झुकतं. भोळ्या माणसाला लुबाडणाऱ्याबद्दल मला तिळमात्र कळवळा नाही. पण दिवाणी कायद्याने पैसा बाईचा झाला असेल, तर फौजदारी कायद्याने तिला तुरुंगात धाडायचं कोणत्या तोंडाने? आधी दान रद्दबातल ठरवावं, मगच चोरीचा शिक्का मारावा. नाहीतर चोर कोण हे ज्यूरीला अप्रामाणिक काय वाटतं, एवढ्यावरच ठरतं. सात वर्षांपर्यंत कैद होऊ शकणाऱ्या गुन्ह्याला हा आधार मला तोकडा वाटतो.