चाल बांधणाऱ्या लताबाई

जालन्यात मी मुलींना गाणं शिकवते. पालकांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: "हिला स्टेजवर कधी गाता येईल?" ती स्वतः चाल बांधेल का, असं कोणीच विचारत नाही. म्हणून मी त्यांना 'आनंदघन' या संगीतकाराबद्दल सांगते. आनंदघन म्हणजे लता मंगेशकर.

लताबाई सिनेमात आल्या त्या नटी म्हणून. एप्रिल 1942 मध्ये वडील मास्टर दीनानाथ गेले आणि तेरावं वर्षही पूर्ण न झालेल्या या मुलीवर घराचा भार पडला. चित्रपट दिग्दर्शक मास्टर विनायकांनी आधार दिला. 'पहिली मंगळागौर' (1942), 'माझं बाळ' (1943), 'गजाभाऊ' (1944), 'बडी माँ' (1945) अशा चित्रपटांत त्यांनी छोट्या भूमिका केल्या. रंग लावून दिव्यांसमोर उभं राहणं त्यांना कधीच आवडलं नाही. 1947 मध्ये विनायक वारले. पुढे पार्श्वगायनात जम बसला आणि अभिनय मागे पडला. पण कॅमेऱ्यासमोर काढलेली ती वर्षं वाया गेली असं मला वाटत नाही. पडद्यावरचं माणूस कोणत्या प्रसंगात, कोणतं काम करताना गातं आहे, याची जाण त्यांच्या चालींमध्ये पुरेपूर आहे.

'राम राम पाव्हणं' या चित्रपटाचं संगीत त्यांनी स्वतःच्या नावानं दिलं होतं. पुढे दिग्दर्शक भालजी पेंढारकरांना 'मोहित्यांची मंजुळा'साठी (1963) संगीतकार मिळेना, तेव्हा "मी करते" असं त्या म्हणाल्या. काम फसलं तर एवढ्या मोठ्या गायिकेच्या नावाला बट्टा लागेल, ही भालजींची काळजी. त्यातून टोपणनावाची वाट निघाली. 'आनंदघन' हे नाव त्यांनी समर्थ रामदासांच्या काव्यातून घेतलं. समर्थांचं जन्मगाव जांब आमच्याच जिल्ह्यात, घनसावंगी तालुक्यात. म्हणून हे नाव मला घरचं वाटतं.

त्यानंतर 'मराठा तितुका मेळवावा' (1964), 'साधी माणसं' (1965) आणि 'तांबडी माती' (1969) आले. 'मराठा तितुका'मधली शांता शेळके यांची लावणी लताबाईंनी स्वतःकडे ठेवली नाही, धाकट्या बहिणीला, आशा भोसलेंना दिली. कोणता आवाज कुठे शोभेल हे ओळखणं हेच संगीतकाराचं खरं काम. 'साधी माणसं'मधलं लोहार जोडप्याचं गाणं ऐका. शब्द जगदीश खेबुडकरांचे. चालीत कसरत कुठेच नाही. भात्याजवळ राबणाऱ्या बाईला सहज म्हणता येईल असं ते मागणं आहे.

याच चित्रपटाच्या संगीताला राज्य पुरस्कार मिळाला. समारंभात आनंदघन यांचं नाव पुकारलं गेलं, पण कोणीच उठेना. ते संगीतकार म्हणजे समोर बसलेल्या लताबाईच, हे व्यासपीठावरून सांगितलं गेलं, तेव्हा त्यांना उठावं लागलं.

'तांबडी माती'नंतर त्यांनी चित्रपटाला संगीत दिलं नाही. हृषीकेश मुखर्जींनी 'आनंद'साठी विचारलं, तेव्हाही त्यांनी नकार दिला. गाण्यातून सवड नव्हती, हे समजण्यासारखं आहे. तरी नुकसान आपलंच झालं. त्यांच्या हजारो गाण्यांच्या कौतुकात या मोजक्या चाली झाकल्या गेल्या, याचं मला वाईट वाटतं.

तुमची मुलगी गाणं शिकत असेल, तर तिच्या पाठ्यपुस्तकातली एखादी कविता तिच्यापुढे ठेवा आणि त्या कवितेची चाल तिलाच बांधू द्या.