नळाचं पाणी माणसाला चालतं, माशाला का चालत नाही?

आज आपण बोलणार आहोत माशांच्या पाण्याबद्दल. ताटातल्या नाही, काचेच्या टाकीतल्या माशांबद्दल. गप्पी, मोली, गोल्डफिश, गोरामी, एंजल असे रंगीत मासे हल्ली गावातल्या घरांतही दिसतात. मुलं जत्रेतून नाहीतर तालुक्याच्या दुकानातून पिशवीत घालून आणतात. कोकणात खाडीकाठच्या काही गावांमध्ये कांदळवन प्रतिष्ठानच्या मदतीने बचत गटांच्या बायकांनी शोभिवंत मासे वाढवून विकायला सुरुवात केली आहे. तेव्हा हा विषय आता नुसता हौसेचा राहिलेला नाही. कुणाच्या घरी तो मुलाच्या आनंदाचा आहे, तर कुणाच्या गटात कर्जाच्या हप्त्याचा.

गटांच्या बैठकांना फिरताना एकच तक्रार मी पुन्हा पुन्हा ऐकते. "ताई, संध्याकाळी टाकी स्वच्छ धुतली, ताजं पाणी भरलं, आणि सकाळी सगळे मासे उलटे." मग कुणी म्हणतं दुकानदाराने आजारी मासे दिले, कुणी म्हणतं खाणं जास्त झालं, कुणी म्हणतं नजर लागली. एका गटात तर त्या दिवशी पाणी भरायची पाळी जिची होती, तिच्यावरच सगळ्यांचा राग निघाला. खरं कारण बहुतेक वेळा त्या ताज्या पाण्यातच असतं. ते कारण म्हणजे क्लोरीन.

क्लोरीन येतो कुठून?

आपल्या ग्रामपंचायतीच्या टाकीत जलसुरक्षक टीसीएल पावडर टाकतो, हे तुम्हाला माहीत आहे. टीसीएल म्हणजे ब्लीचिंग पावडर, चुन्यात क्लोरीन मुरवून केलेली. पाण्यात पडली की तिच्यातला क्लोरीन सुटतो आणि कॉलरा, जुलाब, काविळीसारखे आजार पसरवणारे जंतू मारतो. शेवटच्या घरच्या नळालाही एक लिटर पाण्यात निदान ०.२ मिलिग्रॅम क्लोरीन उरलेला असावा, असं आपल्या देशाचं पिण्याच्या पाण्याचं मानक सांगतं. हे किती थोडं, तर हजार लिटरच्या टाकीत चिमूटभरसुद्धा नाही.

आपण ते पाणी पितो तेव्हा ते पोटात जातं आणि एवढा थोडा क्लोरीन तिथेच निकामी होतो. माशाचं तसं नाही. मासा पाण्यातच श्वास घेतो. त्याच्या कल्ल्यांची कातडी अतिशय पातळ असते आणि पलीकडे लगेच रक्त. दिवसरात्र पाणी त्या कल्ल्यांवरून जात असतं. क्लोरीन कल्ले भाजून काढतो. मग पाण्यात प्राणवायू असला तरी माशाला तो घेता येत नाही, आणि भरल्या पाण्यात तो गुदमरतो. आपल्याला सुरक्षित असलेलं प्रमाणसुद्धा नाजूक माशाचा जीव घेऊ शकतं.

पावसाळ्यात हे जास्त घडतं. गावात जुलाबाचे रुग्ण निघाले की टीसीएलचं प्रमाण वाढवतात, विहिरीतही टाकतात. त्यामुळे उन्हाळ्यात ज्या पाण्याने काही झालं नाही, तेच पाणी श्रावणात घात करतं.

इथे एक गोष्ट मला अगदी स्पष्ट सांगायची आहे. मासे मरतात म्हणून टीसीएल कमी टाका, असं जलसुरक्षकाला कुणीही सांगायचं नाही. असा आग्रह धरलेला मी ऐकला आहे. तोटा झालेल्या बाईचं दुःख खरं असतं, पण गावच्या पाण्यातला क्लोरीन लेकराबाळांसाठी आहे. माशांसाठी लागणारं पाणी आपण आपल्या बादलीत तयार करायचं. ते सोपं आहे आणि स्वस्तही आहे.

पहिला उपाय : पाणी उघडं ठेवणं

रुंद तोंडाच्या टबात किंवा बादलीत पाणी भरा आणि २४ तास उघड्यावर ठेवा. ऊन लागलं, मधून मधून ढवळलं किंवा हवेचा पंप सोडला, तर क्लोरीन लवकर उडून जातो. अरुंद तोंडाच्या हंड्यात किंवा झाकलेल्या टाकीत तो तसा उडत नाही. डास बसू नयेत म्हणून वरून पातळ जाळी बांधा, आणि असं पाणी आठ-आठ दिवस साठवू नका.

बैठकीत कुणीतरी म्हणतंच, "वास येत नाही, म्हणजे क्लोरीन गेला." वासावर जाऊ नका. नाकाला कळत नाही इतका क्लोरीनही माशाला कळतो.

दुसरा उपाय : वॉटर कंडिशनर

२४ तास थांबायला सवड नसेल, तर माशांच्या दुकानात वॉटर कंडिशनरची बाटली मिळते. आपल्याकडचे दुकानदार तिला अँटी-क्लोरीन म्हणतात. या बाटल्यांमध्ये बहुधा सोडियम थायोसल्फेट असतं. जुन्या काळी फोटो धुणारे ज्याला हायपो म्हणायचे, तेच हे. ते क्लोरीनला गाठून त्याचं निरुपद्रवी मीठ करून टाकतं. पाणी नीट ढवळलं तर पाच-दहा मिनिटांत काम होतं.

किती टाकायचं, ते बाटलीवर लिहिलेलं असतं. प्रत्येक कंपनीचं प्रमाण वेगळं, म्हणून शेजारणीच्या बाटलीचा हिशोब आपल्या बाटलीला लावू नका. आपल्याला आधी माहीत हवं ते आपलं पाणी किती लिटर आहे. दुकानदार टाकी फुटात सांगतो. लांबी, रुंदी, उंची फुटात मोजून गुणाकार करा आणि आलेल्या आकड्याला २८ ने गुणा. २ फूट लांब, १ फूट रुंद, १ फूट उंच टाकी म्हणजे २ गुणिले २८, साधारण ५६ लिटर. खालची वाळू-खडे आणि वरची मोकळी जागा सोडली, तर प्रत्यक्षात पाणी ४५ लिटरच्या आसपास भरतं.

आता समजा, बाटलीवर १० लिटरला २ थेंब असं लिहिलं आहे. तुमची बादली १५ लिटरची. म्हणजे ३ थेंब. इतका सोपा हिशोब आहे. जास्त टाकलं की जास्त चांगलं, असं नसतं. पिकाच्या औषधाला आपण माप लावतो, तसंच याला लावा.

पाणी बदलण्याची रीत अशी :

१. आठवड्यातून एकदा टाकीतलं चौथाई पाणी काढा. सगळं पाणी एकदम काढू नका.
२. नवं पाणी आधी बादलीत घ्या. मापाने कंडिशनर टाका, ढवळा, दहा मिनिटं थांबा.
३. बादलीत आणि टाकीत हात घालून बघा. दोन्हीकडे पाणी सारखंच कोमट किंवा सारखंच गार लागलं पाहिजे.
४. मगच तांब्याने हळूहळू टाकीत सोडा.
५. नळी लावून थेट टाकीतच पाणी भरायचं असेल, तर औषध नव्या पाण्यापुरतं न टाकता पूर्ण टाकीच्या लिटरप्रमाणे, आणि पाणी सोडण्याआधी टाका.

दुकानात निळ्या रंगाचं एक औषध मिळतं, मिथिलीन ब्लू. ते बुरशी आणि आजारासाठी असतं, क्लोरीन घालवत नाही. नाव वाचून घ्या. वाचता येत नसेल तर मुलीला सोबत न्या. बाटली लहान मुलांच्या हाती लागेल अशी ठेवू नका, आणि कंडिशनर घातलेलं पाणी पिण्यासाठी किंवा स्वयंपाकाला वापरू नका.

कंडिशनरने काय होत नाही?

हे कळणं तितकंच गरजेचं आहे. माशांची विष्ठा आणि उरलेलं खाणं कुजून पाण्यात अमोनिया तयार होतो. तोही विषच. साधा कंडिशनर तो काढत नाही. ते काम फिल्टरच्या स्पंजमध्ये आणि वाळूत वाढणारे उपकारी जिवाणू करतात. दही लागायला विरजण लागतं, तसे टाकी जमायला हे जिवाणू लागतात, आणि ते वाढायला काही आठवडे जातात. नळाखाली स्पंज खसखसून धुतला, तर क्लोरीन त्या जिवाणूंनाही मारतो. टाकी दिसते चकचकीत, पण आतून उघडी पडते. म्हणून स्पंज टाकीतून काढलेल्या जुन्या पाण्यातच हलका पिळून घ्यायचा. काच, वाळू, स्पंज सगळं एकाच दिवशी धुवायचं नाही.

बोअरच्या पाण्यात क्लोरीन नसतो, पण क्षार बरेचदा जास्त असतात आणि जमिनीतून नुकत्याच वर आलेल्या पाण्यात प्राणवायू कमी असतो. कंडिशनरने क्षार जात नाहीत. असं पाणी वापरण्याआधी हवेचा पंप सोडून किंवा वरून ओतून-ओतून खेळतं करा. विहिरीचं पाणी वापरत असाल, तर टीसीएल कधी टाकलं ते आधी विचारा. डासांसाठी सोडलेले गप्पी मासेही अशा विहिरीत मरतात, ते याच कारणाने.

क्लोरीन आहे की नाही, हे तपासायचं कसं?

यासाठी शहरात जायला नको. जलसुरक्षकाकडे ओटी चाचणीचं साहित्य असतं. नळीत पाणी घेऊन औषधाचे थेंब टाकले आणि रंग पिवळा झाला, की क्लोरीन आहे. जल जीवन मिशनमध्ये प्रत्येक गावात पाच महिलांना पाणी तपासायचं प्रशिक्षण द्यायचं ठरलेलं आहे. त्यातल्या कुणी तुमच्या गटातच असतील. त्यांना बादलीतलं पाणी दाखवा. आधी नळाचं, मग २४ तास ठेवलेलं, मग कंडिशनर टाकलेलं. तीन नळ्या शेजारी-शेजारी धरल्या की बैठकीतल्या प्रत्येकीला फरक डोळ्यांनी दिसेल.

मासे तडफडत असतील तर?

पाणी बदलल्यावर मासे वर येऊन तोंडं उघडझाप करू लागले, सैरावैरा पळू लागले, अंगावर चिकटा वाढला, तर वेळ घालवू नका. पूर्ण टाकीच्या हिशोबाने कंडिशनर टाका आणि हवेचा पंप जोरात चालू करा. मुरवलेलं पाणी तयार असेल, तर मासे त्यात हलवा. गोरामीसारखे काही मासे एरवीही वर येऊन हवा घेतात, तेव्हा आपल्या माशांची रोजची सवय ओळखून ठेवा. त्या दिवशी खाणं देऊ नका.

ज्या गटांनी धंदा म्हणून मासे घेतले आहेत, त्यांनी एक वही घालावी. पाणी कोणत्या तारखेला बदललं, किती लिटर, कुठलं पाणी, किती थेंब, कुणी टाकले. नुकसान झालं तर वही बघून कारण सापडतं, एकमेकींवर बोट दाखवावं लागत नाही. शिवाय माशांसाठी कर्ज मागायला बँकेत गेलात किंवा मत्स्यव्यवसाय विभागाच्या योजनेची चौकशी करायला गेलात, तर हीच वही तुमच्या कामाचा पुरावा होते.

पुढच्या मासिक बैठकीत बचतीचा हिशोब झाला, की दहा मिनिटं काढा. एक बादली, एक कंडिशनरची बाटली आणि तपासणीचं साहित्य मधे ठेवा. शिकलेली प्रत्येक जण घरी जाऊन मुलांना हेच दाखवेल.