मास्तर नसलेलं स्टेशन

जपानची ती गोष्ट तुम्हीही कधीतरी फॉरवर्ड केली असेल. होक्काइदो बेटावरचं ओसाड स्टेशन, रोज चढणारी एकच शाळकरी मुलगी, आणि तिची शाळा संपेपर्यंत रेल्वेने चालू ठेवलेली गाडी! मीठ-मसाला जरा झटकून बघू. पोस्टमध्ये नाव होतं कामी-शिराताकी, मुलगी चढायची क्यू-शिराताकीला. गाडीत पुढच्या-मागच्या स्टेशनांवरची पोरंही असायची. मार्च 2016 मध्ये ही दोन्ही स्टेशनं बंद झाली, एवढं मात्र खरं. तिकडे अशा स्टेशनला 'मुजिन-एकी' म्हणतात, म्हणजे माणूस नसलेलं स्टेशन. चढताना मशीनमधून नंबराची चिठ्ठी घ्यायची, उतरताना ड्रायव्हरजवळच्या पेटीत पैसे टाकायचे.

आपल्याकडे याचा चुलतभाऊ म्हणजे हॉल्ट. नांदेडहून लातूरला रेल्वेने जायचं तर पूर्णा, परभणी, परळी, लातूर रोड असा वळसा पडतो (लोहा-अहमदपूरमार्गे सरळ रेल्वेची मागणी आपल्या आईवडिलांच्या पिढीपासून ऐकतोय). मराठवाड्यात पॅसेंजरने फिरताना मध्येच गाडी थांबते आणि वाटतं, सिग्नल नसेल मिळाला. पण दप्तर घेतलेली दोन पोरं चढतात, दुधाची कॅन उतरते, मागून गार्ड हिरवी झेंडी दाखवतो. झालं स्टेशन! मास्तर नाही, सिग्नल नाही, दुसरा रूळही नाही. एक्सप्रेस तर इकडे मान वळवूनही बघत नाही.

तिकीट बरेचदा गावातलाच माणूस विकतो. तो रेल्वेचा नोकर नसतो, एजंट असतो. पगार नाही, विकलेल्या तिकिटांवर कमिशन. मार्च 2020 ला पॅसेंजर बंद पडल्या तेव्हा त्याची कमाई शून्यावर आली. पुढे बऱ्याच पॅसेंजर 'एक्सप्रेस स्पेशल' होऊन परतल्या आणि दहा रुपयांचं किमान भाडं तीस झालं. जुने दर यायला 2024 उजाडलं. तोवर कितीतरी पोरांनी एसटीचा पास काढला होता. गावात दुपारची एसटी असेल तर ठीक. नसेल तर बारावीनंतर कॉलेजला जायचं की नाही, हे घरात त्या एका पॅसेंजरवर ठरतं. मुलींच्या बाबतीत तर जास्तच.

आता जरा कडू. हॉल्टवर माणसं किती येतात, हे रेल्वे डोकी मोजून बघत नाही, विकलेली तिकिटं बघते. तुम्ही दहा जण रोज फुकट चढलात, तर कागदावर तिथे कुणीच चढत नाही. मग थांबा काढायची वेळ आली की गाव निवेदन घेऊन नांदेडच्या डीआरएम ऑफिसात जातं, आणि समोर आकडा ठेवला जातो. त्या आकड्याशी भांडणार कसं?

म्हणून खिडकी उघडी असेल तर तिथूनच तिकीट घ्या. मोबाईलवर पेपरलेस काढणार असाल तर स्टेशनच्या आवारात शिरायच्या आधी काढा, बाहेरच्या लिंबाखाली उभं राहून. आणि 'कुठून' या रकान्यात सवयीने मोठ्या स्टेशनचं नाव टाकू नका, हॉल्टचंच टाका.